समुद्रातील वाट

(किनारपट्टीच्या भागातील प्राथमिक शिक्षकांच्या संमेलनात शिक्षण विस्तार अधिकाऱ्यांनी दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या कार्यक्रमपत्रिकेवर माझ्या व्याख्यानाचा विषय 'परिसराचा अध्यापनात उपयोग' असा छापला आहे. ह्या विषयावर आपण पुष्कळ ऐकले आहे आणि परिपत्रकांतून त्याहूनही पुष्कळ वाचले आहे. तेव्हा तीच सूत्रे पुन्हा सांगून मी आपला वेळ घेणार नाही. मी आज एका दूरच्या बेटावरील उत्सवाची हकीकत सांगणार आहे, आणि तिच्या अखेरीस माझ्या स्वतःच्या हातून घडलेली एक चूक सांगणार आहे. ह्या दोहोंचा परस्परांशी काय संबंध, ते ऐकता ऐकता आपल्या ध्यानात येईल.

हा विषय मला सुचला तो एका शाळाभेटीच्या वेळी. इयत्ता चौथीच्या वर्गात गुरुजी कृष्णजन्माची गोष्ट सांगत होते. सांगण्याची त्यांची हातोटी उत्तम होती. मध्यरात्रीचा पाऊस, वसुदेवाच्या डोक्यावरील टोपली, दुथडी भरून वाहणारी यमुना, सारे त्यांनी डोळ्यांपुढे उभे केले. यमुनेने दुभंगून वाट दिली, असे ते म्हणाले, तोच मागच्या रांगेतील एक मुलगा उभा राहिला आणि त्याने विचारले, "गुरुजी, पाणी खरंच बाजूला झालं? ते कसं काय?" वर्ग हसला. गुरुजी म्हणाले, "देवाच्या गोष्टीत असे प्रश्न विचारू नयेत. बस खाली." मुलगा बसला.

पुढे थोड्याच दिवसांनी दुसऱ्या एका शाळेत जवळजवळ हाच प्रश्न माझ्या समक्ष विचारला गेला. तेथील शिक्षक तरुण होते, विज्ञानाचे पदवीधर होते. त्यांनी उत्तर दिले, "त्या सगळ्या थापा आहेत. पाणी कधी दुभंगत नसते." हाही मुलगा खाली बसला.

बंधुभगिनींनो, ह्या दोन उत्तरांत आपल्याला मोठा फरक दिसेल. एक श्रद्धेचे, दुसरे विज्ञानाचे. परंतु मुलाच्या दृष्टीने पाहिले तर दोन्ही उत्तरे एकच होती. दोन्ही वेळी तो खाली बसला आणि त्याचा प्रश्नही त्याच्याबरोबर बसला. विचारणाऱ्या मुलाला उभे ठेवून त्याचा प्रश्न पुढे नेणारे तिसरे उत्तर देता येते की नाही, हा आजचा खरा विषय आहे. त्यासाठीच मी आपल्याला कोरिया देशातील जिंदो बेटावर घेऊन जाणार आहे.

पूर्व आशियातील कोरिया हे द्वीपकल्प आपण नकाशात दाखवतोच. त्याच्या दक्षिणेकडील राष्ट्र म्हणजे दक्षिण कोरिया, आणि त्या राष्ट्राच्या अगदी नैर्ऋत्य टोकाशी जिंदो हे बेट आहे. त्या देशातील हे तिसऱ्या क्रमांकाचे मोठे बेट. १९८४ मध्ये ते पुलाने मुख्य भूमीस जोडले गेले. तोपर्यंत जाणे-येणे होडीनेच. शेती आणि मासेमारी हे लोकांचे पूर्वापार व्यवसाय. ह्या बेटाच्या किनाऱ्यावर होएदोंग नावाचे गाव आहे आणि समोर समुद्रात मोदो नावाचे एक लहान बेट आहे. दोहोंमध्ये एरवी समुद्राचे पाणी पसरलेले असते.

परंतु वसंत ऋतूतील काही ठराविक दिवशी तेथे एक विलक्षण दृश्य दिसते. पाणी उतरू लागते. प्रथम पाण्याखाली एक काळसर रेघ दिसते, मग ती जागोजागी वर येते, आणि पाहता पाहता होएदोंगपासून मोदोपर्यंत वाळू-गोट्यांची एक वाट उघडी पडते. तिची लांबी सुमारे २.८ किलोमीटर आणि रुंदी ३० ते ४० मीटर. दोन्ही अंगांस समुद्र आणि मधून वाट! माणसे गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट चढवून त्या वाटेने चालू लागतात. कोणी शिंपल्या वेचतो, कोणी समुद्रशेवाळ गोळा करतो, म्हातारी माणसे नातवंडांचे हात धरून चालतात. सुमारे तासाभराने पाणी परत चढू लागते. तेव्हा सर्वांना तीर गाठावा लागतो, आणि वाट पुन्हा समुद्राच्या पोटात जाते.

ह्या घटनेभोवती तेथील लोकांनी एक उत्सव उभा केला आहे. त्याची तारीख दर वर्षी बदलते, कारण ती समुद्राकडे पाहून ठरवावी लागते. समुद्राच्या अधिपतीची पूजा होते. ढोल आणि झांजा वाजतात. 'गंगगंगसुल्ले' नावाचे स्त्रियांचे फेराचे नृत्य होते. हातात हात गुंफून, गात गात, गोल फिरणाऱ्या त्या स्त्रिया पाहिल्या तर आपल्याला भोंडल्याच्या फेराची आठवण व्हावी. हे नृत्य मूळचे पौर्णिमेच्या चांदण्यात करावयाचे. २००९ मध्ये युनेस्कोने त्याची मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत नोंद केली.

आता ह्या उत्सवामागची गोष्ट ऐका. फार पूर्वी त्या किनाऱ्यावरील गावास वाघांचा उपद्रव होता. म्हणून गावाचे नावही होदोंग, म्हणजे वाघांचे गाव असे होते. त्रास असह्य झाला तेव्हा सारे गावकरी तराफ्यांवर बसून समोरच्या मोदो बेटावर पळून गेले. त्या धांदलीत पोंग नावाची एक म्हातारी मागे राहिली. मुले-नातवंडे समोरच्या बेटावर आणि ही एकटी ह्या तीरावर. तिने समुद्राचा अधिपती जो नागराज, त्याची रोज प्रार्थना केली. एके रात्री तो स्वप्नात आला आणि म्हणाला, "उद्या मी समुद्रावर इंद्रधनुष्य घालीन, त्यावरून तू पलीकडे जा." दुसऱ्या दिवशी म्हातारी किनाऱ्यावर आली, तो समुद्रातून इंद्रधनुष्यासारखी वळलेली वाट वर आलेली! पलीकडून तिची माणसे ढोल वाजवीत धावत आली. भेट झाली. परंतु थकलेल्या म्हातारीने आपल्या माणसांना पाहिले आणि समाधानाने त्यांच्या हातांतच प्राण सोडला. गावकरी परत आपल्या जुन्या जागी राहावयास आले आणि गावाचे नाव होएदोंग, म्हणजे परतलेल्यांचे गाव असे पडले. आज तेथे किनाऱ्यावर पोंग आजीची मूर्ती आहे आणि तिच्याजवळ वाघही आहे.

१९७५ मध्ये फ्रान्सचे कोरियातील राजदूत प्येर लांदी ह्या बेटावर आले होते. जिंदोची कुत्र्यांची जात प्रसिद्ध आहे. ती पाहण्यासाठी ते आले आणि समुद्रातील वाट पाहून चकित झाले. परत गेल्यावर त्यांनी आपल्या देशातील वृत्तपत्रात लिहिले की, आपण कोरियात मोझेसचा चमत्कार पाहिला. बायबलात मोझेससाठी समुद्र दुभंगल्याची कथा आहे, तिची त्यांना आठवण झाली. आपल्यापैकी कोणी तेथे गेला तर त्याला यमुना आठवेल. कोरियातील आजीबाईला नागराज आठवतो. प्रत्येक जण आपापल्या घरची गोष्ट घेऊनच समुद्रापुढे उभा राहतो. मुलेही तशीच येतात, आणि त्यात त्यांचा काही दोष नाही.

येथवर चमत्कार झाला. आता कारण पाहू.

पहिली गोष्ट ही की, समुद्र दुभंगत नाही. समुद्र खाली उतरतो. होएदोंग आणि मोदो ह्यांच्यामध्ये पाण्याखाली वाळू-गोट्यांचा एक लांबच लांब वरंबा आहे. बेटांना वळसा घालून वाहणाऱ्या प्रवाहांनी तो तेथे साचविला आहे. नेहमीच्या ओहोटीत तो पाण्याखालीच राहतो. परंतु जेव्हा ओहोटी फारच मोठी असते, तेव्हा पाणी वरंब्याच्या माथ्याखाली जाते, माथा उघडा पडतो आणि दोन्ही बाजूंच्या खोल भागांत पाणी तसेच राहते. म्हणून पाहणाराला समुद्र दोन भाग होऊन सरकल्यासारखा वाटतो.

इतकी मोठी ओहोटी कशाने होते? भरती-ओहोटीचे मूळ चंद्राच्या आकर्षणात आहे, हे आपण शिकवतो. पृथ्वीच्या चंद्राकडील बाजूचे पाणी चंद्र अधिक ओढतो, मधली पृथ्वी त्याहून कमी, आणि पलीकडच्या बाजूचे पाणी सर्वांत कमी. म्हणून दोन्ही बाजूंस पाण्याला फुगवटा येतो आणि दिवसातून दोन भरत्या व दोन ओहोट्या होतात. सूर्यही असेच ओढतो, पण त्याचा जोर चंद्राच्या निम्म्याहून थोडा कमी पडतो. अमावास्या-पौर्णिमेस दोघे एका रेषेत येतात, त्यांचे बळ एकवटते आणि उधाण येते. उधाणात भरती जितकी अधिक चढते तितकीच ओहोटीही अधिक उतरते. अष्टमीच्या सुमारास दोघांची ओढ आडवी पडते, तेव्हा भांगाची भरती येते. ती चढतही थोडी आणि उतरतही थोडी.

ह्यावर आणखी काही गोष्टींची भर पडते. चंद्र पृथ्वीच्या जवळ आलेला असेल तर ओढ वाढते. दिवस-रात्र समान असण्याच्या काळात सूर्य-चंद्र विषुववृत्ताच्या जवळपास असतात, तेव्हा उधाणे मोठी होतात. शिवाय कोरियाच्या किनाऱ्यावर हिवाळ्याच्या अखेरीस पाणी थंड होऊन आक्रसलेले असते आणि हवेचा दाबही अधिक असतो, त्यामुळे समुद्राची सरासरी पातळीच खाली असते. ही सर्व कारणे वसंतातील मोजक्या दिवशी एकत्र येतात, आणि ती ओहोटी दिवसाउजेडी आली की हजारो माणसांना वाट दिसते.

आता ही कारणे समजल्यावर पोंग आजीची गोष्ट खोटी ठरली काय? तिच्याकडे पुन्हा पाहा. नागराजाने इंद्रधनुष्य घालीन असे म्हटले. का बरे? कारण ती वाट सरळ नाही, धनुष्यासारखी वळलेली आहे. ज्याने ही गोष्ट प्रथम सांगितली त्याने ती वाट नीट पाहिली होती. तेथील कोळी आजही चांद्रतिथीवरून भरती-ओहोटी मोजतात. आपण ज्याला उधाण म्हणतो त्याला ते 'सारी' म्हणतात आणि भांगाला 'जोगुम' म्हणतात. ज्यांनी गोष्टी रचल्या त्यांनीच हे हिशेबही बसविले आहेत. गोष्ट सांगणारी आजी आणि तिथी मोजणारी आजी ह्या दोन वेगळ्या बायका नव्हेत.

हे ज्ञान केवळ मासे धरण्यापुरते नव्हते. जिंदो आणि मुख्य भूमी ह्यांच्यामधील अरुंद सामुद्रधुनीत भरतीचा प्रवाह अतिशय वेगाने धावतो आणि ठराविक वेळी उलटतो. १५९७ मध्ये कोरियाचे नौसेनापती यी सुन-शिन ह्यांनी अवघ्या १३ जहाजांनिशी शंभराहून अधिक जपानी युद्धनौकांना तेथेच रोखून धरले. ती जागा आणि ते प्रवाह त्यांना ठाऊक होते, हे त्या विजयाचे एक मोठे कारण होते. आपल्याकडे अलिबागचा कुलाबा किल्ला पाहा. ओहोटीस त्याच्या तटापर्यंत पायी जाता येते आणि भरतीस चहूकडून पाणी वेढते. भरती हाच त्याचा खंदक. तेव्हा समुद्रातील वाट पाहण्यास आपल्याला कोरियात जाण्याचे कारण नाही. ती येथेच दिवसातून दोनदा उघडते. रोजची झाल्यामुळे आपण तिला चमत्कार म्हणत नाही, इतकेच.

आणि येथेच मला माझी चूक सांगावयाची आहे.

मी नोकरीस लागलो तेव्हा माझी पहिली नेमणूक खाडीकाठच्या एका शाळेत झाली. मी घाटावरचा. समुद्र मी तोपर्यंत चित्रातच पाहिला होता. शाळेची वेळ अकराची. शिस्तीबद्दल मी फार दक्ष होतो. उशिरा येणाऱ्या मुलाच्या नावापुढे हजेरीपटात तो किती वाजता आला ते लिहावयाचे आणि त्याला घटकाभर पडवीत उभे करावयाचे, असा माझा नियम होता.

तिसरीत एक कोळ्याचा मुलगा होता. खाडीच्या पलीकडच्या वाडीतून तो येई. काही दिवस अगदी वेळेवर येई, मग उशीर करू लागे, मग तीन-चार दिवस येतच नसे, आणि पुन्हा वेळेवर हजर होई. विचारले की म्हणे, "गुरुजी, पानी उतरला नव्हता." मला ही नेहमीची सबब वाटली. एके दिवशी तो मधल्या सुटीच्या सुमारास भिजलेल्या कपड्यांनी दारात उभा राहिला आणि तेच वाक्य बोलला. मी सर्व वर्गासमोर म्हणालो, "समुद्र तुझ्यासाठी वाट करून देतो की काय?" मुले मोठ्याने हसली. मुलगा काही बोलला नाही. दुसऱ्या दिवसापासून त्याने शाळा सोडली.

पंधरा दिवस वाट पाहून मी पुलावरून अडीच कोसांचा वळसा घेऊन त्याच्या वाडीत गेलो. घरी त्याची आजी होती. अंगणात बोंबील वाळत घातले होते. मी शाळेची तक्रार सांगितली. तिने शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाली, "मास्तर, तुमची शाला घड्यालावर चालते. आमचा पोरगा पान्यावर चालतो." मग तिने मला हिशेब सांगितला. तिथीची पाऊणपट करावी, म्हणजे पुऱ्या भरतीची वेळ निघते. चतुर्थीला चार पाऊण तीन, म्हणजे तीन वाजता भरती. अष्टमीला आठ पाऊण सहा, म्हणजे सहा वाजता. भरतीच्या पुढेमागे सहा तासांनी ओहोटी. मुलाचे वडील पहाटेच होडी घेऊन मासेमारीस जात, म्हणून सकाळी होडी नसे. ओहोटीच्या पुढेमागे दोनेक तास खाडीचा फाटा पायी ओलांडता येई. दप्तर डोक्यावर घेऊन मुलगा त्या वेळात पलीकडे येई. संध्याकाळी परतणारी होडी त्याला घरी नेई.

त्या बाईला अक्षरओळख नव्हती. पाऊणकी मात्र तोंडपाठ होती.

मी त्या रात्री हजेरीपट उघडला आणि शेजारी पंचांग ठेवले. चतुर्थीपासून अष्टमीपर्यंत मुलगा वेळेवर. नवमीस थोडा उशीर. दशमीस आणखी पाऊण तास. एकादशीस त्याहून पाऊण तास. मग त्रयोदशीपासून प्रतिपदेपर्यंत गैरहजर, कारण त्या दिवसांत सकाळची ओहोटी उजाडण्याच्या सुमारास होऊन जाई आणि पुढची संध्याकाळी येई. शुद्ध पक्षात हे, वद्य पक्षातही हेच. तीन महिन्यांच्या नोंदी मी तपासल्या. माझ्याच हस्ताक्षरात, शिक्षेसाठी लिहिलेल्या त्या वेळा म्हणजे भरती-ओहोटीचे बिनचूक कोष्टक होते. ते मी स्वतः लिहिले होते आणि मला वाचता आले नव्हते.

समुद्र त्या मुलाला खरोखरच वाट करून देत होता. तो रोज ती वाट ओळखून, वेळ साधून, एकटा चालत येत होता. वर्गात भूगोलाचा तो पाठ मीच शिकवणार होतो, आणि ज्याला तो पाठ पायांनी येत होता त्यालाच मी पडवीत उभे केले होते.

मी पुन्हा वाडीत गेलो, मुलाची समजूत घातली. तो परत आला. त्याच्यासाठी मी वेळेचा नियम सोडला आणि न येण्याच्या दिवसांचा अभ्यास आधी देऊ लागलो. त्याने चौथी पुरी केली. पुढे मात्र तो शिकला नाही, होडीवर गेला. पुढे न शिकण्याची कारणे घरात अनेक होती. त्यांत माझ्या त्या एका वाक्याचा वाटा किती, हे मी सांगू शकत नाही. परंतु ते वाक्य मला परत घेता आले नाही, एवढे खरे.

आता आपण काय करावे, ते थोडक्यात सांगतो.

पहिली गोष्ट, मुलाने 'हे खरे का' असे विचारले तर त्याचा प्रश्न फळ्याच्या एका कोपऱ्यात लिहून ठेवावा. गोष्ट पुरी सांगावी, तिची गोडी मोडू नये, आणि मग म्हणावे, "पाणी बाजूला होते की खाली जाते, ते आपण करून पाहू." मोठ्या परातीत ओल्या वाळूचा एक वळणदार वरंबा घालावा, दोन्ही टोकांस दगडांची दोन बेटे करावीत, वरंबा बुडेल इतके पाणी ओतावे आणि मग वाटीने हळूहळू पाणी काढावे. वाट वर येताना मुलांचे चेहरे पाहण्यासारखे होतात. कारण कळले म्हणून नवल कमी होत नाही, हे तेव्हा आपल्यालाही पटते.

दुसरी गोष्ट, किनाऱ्यावरील शाळांनी भरती-ओहोटीची नोंदवही ठेवावी. दिनांक, तिथी, पुऱ्या भरतीची वेळ आणि पाणी कोणत्या खुणेपर्यंत आले, एवढे चार रकाने पुरेत. पंधरा दिवस मुलांनी आळीपाळीने नोंद करावी आणि नियम त्यांनाच शोधू द्यावा. पाऊणपटीचा हिशेब आधी सांगू नये. तो सापडल्यावर पाऊणकीचा पाढा मुले आपण होऊन मागतील. आपल्या किनाऱ्यावर हा हिशेब बऱ्यापैकी जुळतो, तरी थोडाफार फरक पडतो, आणि दुसऱ्या बंदरांत वेळा निराळ्या असतात. तो फरक का पडतो हाही एक चांगला प्रश्न आहे. आज भ्रमणध्वनीवर भरतीची वेळ क्षणात मिळते. तिचा उपयोग पडताळ्यासाठी अवश्य करावा, पण आधी मुलांची नोंद आणि मग तो पडताळा, असा क्रम ठेवावा. पाण्यात मात्र कोणाही मुलास पाठवू नये. नोंद तीरावरूनच आणि मोठ्या माणसाच्या सोबतीने व्हावी. जिंदोच्या वाटेवरूनही माणसांना वेळेवर परतावे लागते.

तिसरी गोष्ट, घाटाकडील व डोंगराकडील शाळांतून आलेल्यांनी आपल्याला ह्यात काही नाही असे समजू नये. चंद्र तेथेही उगवतो. तो रोज सरासरी पन्नास मिनिटे उशिरा उगवतो. भरतीच्या वेळाही रोज तितक्याच पुढे सरकतात, आणि पाऊणपटीचा पाऊण तास ह्या पन्नास मिनिटांच्या जवळपासच येतो. चंद्रोदयाची पंधरा दिवसांची नोंद ठेवणाऱ्या वर्गाला समुद्र न पाहताही समुद्राचे अर्धे गणित कळते.

चौथी गोष्ट, गावातील जाणत्या माणसांना वर्गात बोलवावे. तांडेल, जाळी विणणारा, नारळी पौर्णिमेला समुद्रास नारळ अर्पण करण्यास जाणारी आजी, ह्या सर्वांना सांगण्यासारखे काही ठाऊक असते. त्या दिवशी ते शिक्षक आणि आपण विद्यार्थी. ज्या मुलाच्या आजीला गुरुजींनी खुर्ची दिली तो मुलगा शाळा सहसा सोडत नाही, असा माझा अनुभव आहे.

शेवटची गोष्ट हजेरीपटाची. आपण तो भरतो, बेरीज करतो, केंद्रावर पाठवतो. एकदा तो वाचून पाहा. आपला पट कदाचित समुद्राचा नसेल. तो आठवड्याच्या बाजाराचा असेल, ऊसतोडीचा असेल, धाकट्या भावंडाच्या आजारपणाचा असेल, किंवा पावसात भरणाऱ्या ओढ्याचा असेल. गैरहजेरीच्या त्या खुणा एकामागून एक लावून पाहिल्या तर बहुधा त्यांत काही नियम दिसेल. तो दिसला की मुलाला शिक्षा करण्याचे आपल्या मनात येणार नाही. शाळेची वेळ, काम किंवा रीत कोठे थोडी सरकवावी, हे आपल्याला आपोआप सुचेल.

जिंदोचे लोक दर वर्षी वाट उघडण्याचा दिवस आधी मोजून काढतात आणि त्या दिवशी सारे गाव किनाऱ्यावर जमते. कारण माहीत असूनही ते पोंग आजीला विसरत नाहीत, आणि आजीवर श्रद्धा असूनही तिथी मोजणे सोडत नाहीत. आपल्या वर्गात हे दोन्ही एकत्र नांदावे, एवढीच माझी इच्छा आहे. मागच्या रांगेत उभा राहून 'ते कसं काय' असे विचारणारा मुलगा पुढल्या वेळी आपल्यापुढे येईल तेव्हा त्याला खाली बसवू नका. आणि उशिरा येऊन दारात उभा राहिलेला मुलगा दिसला तर आधी त्याचे पाय ओले आहेत का, ते पाहा.